निकालाची वाट पाहणारी जमीन

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, ही म्हण आपल्या घराघरांतून पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली आहे. वडीलधाऱ्या मंडळींच्या तोंडून ती आमच्या बहुतेक वाचकांनीं ऐकली असेल, आणि भाऊबंदकीच्या दाव्यांपुरती ती खरीहि आहे. परंतु जेथें कोर्टाची पायरी आपण होऊन आपल्या दाराशीं येते, म्हणजे सार्वजनिक कामासाठीं सरकारच आपली जमीन घेतें आणि तिच्या मोलाविषयीं तंटा उभा राहतो, तेथें ह्या म्हणीचा आधार घेऊन स्वस्थ बसणें शहाणपणाचें ठरत नाहीं. अशा तंट्यासाठीं कायद्यानें निराळें न्यायाधिकरण नेमून दिलेलें असतें. तें वेळेवर निकाल देत नसेल तर काय करावें, वरिष्ठ न्यायालय त्यांत कितपत हात घालूं शकतें, आणि घरच्या कर्त्या माणसानें स्वतः काय सांभाळावें, ह्या तीन प्रश्नांचा विचार प्रस्तुत लेखांत करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

हा विचार आम्ही बेसा ह्या गांवाच्या निमित्तानें मांडीत आहों. नागपूरच्या दक्षिणेस, शहराच्या वेशीला लागून हें गांव आहे. आजूबाजूच्या गांवांप्रमाणें येथेंहि पूर्वी वावरें होतीं, धुरे होते, आणि पटवाऱ्याच्या दप्तरांत त्यांची नोंद होती. पुढें शहर वाढूं लागलें. मनीषनगर, बेलतरोडी ह्या बाजूंनीं वस्ती सरकत सरकत बेसा येथें येऊन पोंचली. वावरांचे भूखंड पडले, आणि नागपुरांत ज्यांस सर्रास ले-आऊट म्हणतात ते एकामागून एक उभे राहिले. आज बेसा व पिपळा मिळून नगरपंचायत झालेली आहे. पश्चिमेच्या अंगाला मिहान प्रकल्प आहे. २०१७ सालीं नागपूर महानगर प्रदेश विकास प्राधिकरण स्थापन झालें, व शहराभोंवतालचीं सातशेंहून अधिक गांवें त्याच्या नियोजनाखालीं आलीं. अशा मुलुखांत रस्ता रुंद करावयाचा, जलवाहिनी न्यावयाची किंवा मोठें काम उभारावयाचें म्हटलें, कीं कोणाच्या तरी सातबाऱ्यावर रेघ ओढली जाते.

शहराच्या सीमेवरील गांवांत आणि दूरच्या खेड्यांत ह्या बाबतींत मोठा भेद आहे. दूरच्या खेड्यांत जमिनीचा भाव पांच-दहा वर्षें जवळजवळ तोच राहूं शकतो. बेसा येथें तो वर्षावर्षाला बदलत गेलेला आहे. म्हणून येथें जमिनीचें मोल ठरवितांना, ती कोणत्या दिवशींच्या भावानें मोजावयाची, हा प्रश्न ती किती एकर आहे ह्या प्रश्नाइतकाच महत्त्वाचा ठरतो. तारीख हेंच धन. आणि जेथें तारीख हेंच धन आहे, तेथें विलंब म्हणजे एकाच्या गांठचें धन हळूहळू दुसऱ्याच्या पदरांत पडणें होय. निकाल लागलेला नाहीं, म्हणजे कांहींच घडलेलें नाहीं, असें पुष्कळांस वाटतें. वस्तुतः निकाल न लागतांच दुबळ्या पक्षाविरुद्ध रोज थोडा थोडा निकाल लागत असतो. आमच्या सर्व विवेचनाचें सार एवढेंच आहे.

हें कसें घडतें तें पाहूं. १८९४ चा भूसंपादन कायदा आपल्या देशांत सव्वाशें वर्षांच्या आंतबाहेर, म्हणजे २०१३ अखेरपर्यंत चालला. त्याच्या रचनेप्रमाणें राजपत्रांत कलम ४ ची अधिसूचना ज्या दिवशीं प्रसिद्ध होई, त्या दिवशींचा बाजारभाव हाच जमिनीचा भाव धरला जाई. मग जिल्हाधिकाऱ्याचा निवाडा दोन वर्षांनीं होवो कीं बारा वर्षांनीं, भाव त्या जुन्या दिवसाला खिळलेला राही. निवाडा अमुक मुदतींत झालाच पाहिजे, असें बंधन मूळ कायद्यांत नव्हतें. त्यामुळें एखाद्या गांवावर अधिसूचना काढून ठेवावयाची, जमिनीची किंमत गोठवावयाची, आणि पैसे हातीं येतील तेव्हां सावकाश पुढचें पाऊल टाकावयाचें, असें करण्यास सरकारी खात्यांस पुरेपूर वाव मिळाला.

ही वाट बुजविण्याचा प्रयत्न टप्प्याटप्प्यानें झाला. १९६७ च्या दुरुस्तीनें, अधिसूचना आणि त्यानंतरचें कलम ६ चें प्रकटन ह्यांमध्यें तीन वर्षांहून अधिक काळ जाऊं नये असें ठरलें. १९८४ सालीं ती मुदत एका वर्षावर आली. त्याच दुरुस्तीनें, प्रकटनापासून दोन वर्षांत निवाडा झाला नाहीं तर सगळी कार्यवाही रद्द होईल, असें कलम ११-अ घातलें गेलें. सक्तीनें जमीन घेतल्याबद्दल बाजारभावावर मिळणारी दिलासा रक्कम १५ टक्क्यांवरून ३० टक्के झाली, आणि अधिसूचनेनंतरच्या काळासाठीं बाजारभावावर दरसाल १२ टक्के जादा देण्याची तजवीज झाली. कायदा करणारांनींच विलंबाची किंमत अशी आंकड्यांत मोजून दिली, हें लक्षांत घेण्यासारखें आहे.

नागपूरला ह्या विषयाचा इतिहास जुना आहे. १९३६ च्या जानेवारींत नागपूर येथें स्वतंत्र उच्च न्यायालय सुरू झालें, आणि त्याच सालीं नागपूर सुधार प्रन्यासाचा कायदाहि झाला. शहर सुधारण्यासाठीं जमिनी घेण्याचा अधिकार ह्या कायद्यानें प्रन्यासास दिला, व भरपाईचे तंटे तोडण्याकरितां साध्या दिवाणी न्यायालयाऐवजीं स्वतंत्र न्यायाधिकरणाची योजना केली. जमीन घेणारी संस्था आणि तिच्यावर पुढें नजर ठेवणारें न्यायपीठ हीं दोन्ही ह्या शहराला एकाच वर्षीं लाभलीं, असें म्हणावयास हरकत नाहीं.

त्या दोहोंची गांठ पुढें पडली, ती सबंध देशाला उपयोगीं पडेल अशी. प्रन्यासाच्या कायद्याखालीं जमीन गेली तर मालकास १५ टक्के दिलासा रक्कम मिळत नसे. तीच जमीन १८९४ च्या कायद्याखालीं गेली असती तर मिळाली असती. नागपूरच्या एका जमीनधारकानें ह्या भेदाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढें दाद मागितली, आणि त्यास यश आलें. प्रकरण सर्वोच्च न्यायालयांत गेलें. तेथें सात न्यायाधीशांच्या पीठानें ११ डिसेंबर १९७२ रोजीं निर्णय दिला, कीं जमीन कोणत्या कायद्यानें घेतली ह्यानें मालकाच्या नुकसानींत कांहींच फरक पडत नाहीं; तेव्हां एकास कमी व दुसऱ्यास अधिक मोबदला देणें हें समानतेच्या तत्त्वाविरुद्ध आहे. भूसंपादनाच्या कायद्याचा अभ्यास करणाऱ्यास आजहि हा नागपूरचा खटला वाचल्यावांचून पुढें जातां येत नाहीं.

जमिनीचीं न्यायाधिकरणें केवळ संपादनापुरतींच नव्हेत. कुळकायद्याचे तंटेहि अशाच निराळ्या अधिकाऱ्यांकडे सोंपविलेले आहेत, आणि आमच्या पुष्कळ वाचकांच्या घरांत त्यांची आठवण अद्यापि ताजी असेल. विदर्भासाठीं १९५८ चा वेगळा कुळवहिवाट कायदा झाला. त्याच्या तरतुदींप्रमाणें १ एप्रिल १९६१ आणि १ एप्रिल १९६३ ह्या दोन तारखांना कसणाऱ्या कुळांकडे जमिनीची मालकी जाण्याची योजना झाली. ती जमीन खरोखर कुळाकडे होती कीं घरच्या शेतींत, मालकानें वेळेवर अर्ज केला होता कीं नाहीं, असल्या प्रश्नांचा निकाल प्रथम तहसीलदार देई, त्यावर जिल्हाधिकाऱ्याकडे अपील होई, आणि अखेर प्रकरण महसूल न्यायाधिकरणापुढें जाई. दिवाणी न्यायालयास ह्यांत हात घालतां येत नसे. ह्या पायऱ्या चढता चढता किती घरांतील कर्ते पुरुष थकले, आणि किती कुळांच्या बाबतींतहि मालकीचा कागद हातीं येण्यापूर्वी कसणारा हात थंडावला! विलंबाचा जांच मालकास व कुळास सारखाच झाला, हें येथें प्रांजळपणें सांगितलें पाहिजे.

आतां सध्यांच्या कायद्याकडे वळूं. १ जानेवारी २०१४ पासून १८९४ च्या कायद्याची जागा २०१३ च्या नव्या भूसंपादन कायद्यानें घेतली. त्यानें दिलासा रक्कम १०० टक्के केली, ग्रामीण जमिनीचा भाव ठरावीक पटीनें वाढवून धरण्याची योजना केली, आणि भरपाईचे तंटे ऐकण्यासाठीं भूसंपादन, पुनर्वसन व पुनर्स्थापना प्राधिकरण निर्माण केलें. नागपूर येथेंहि असें प्राधिकरण आहे. जिल्हाधिकाऱ्याचा निवाडा मान्य नसेल तर मालकानें जिल्हाधिकाऱ्याकडे अर्ज करावयाचा. त्यानें तो ३० दिवसांच्या आंत प्राधिकरणाकडे धाडावयाचा. आणि प्राधिकरणानें प्रकरण हातीं आल्यापासून सहा महिन्यांच्या आंत निकाल द्यावयाचा, असें कायद्यांत स्पष्ट लिहिलेलें आहे. त्यानंतर उच्च न्यायालयाकडे अपील आहे, व तेंहि शक्यतों सहा महिन्यांत संपावें अशी अपेक्षा कायद्यानें व्यक्त केली आहे.

कागदावर ही रचना सुरेख आहे. तिच्यांतील दुबळी जागा मात्र थोडक्या वाचकांच्या ध्यानांत येते. ह्या प्राधिकरणाचा सभासद एकच असतो. जिल्हा न्यायाधीश असलेली किंवा राहिलेली व्यक्ति, किंवा निदान सात वर्षें वकिली केलेला अर्हताप्राप्त वकील, ह्या पदावर नेमतां येतो, आणि त्याची मुदत तीन वर्षांची असते. दिवाणी न्यायालयांत एक न्यायाधीश बदलून गेला तर त्याचें काम शेजारच्या न्यायाधीशाकडे देतां येतें. येथें शेजार नाहीं. पद रिकामें झालें, कीं सबंध प्राधिकरणाचें दार बंद. पक्षकार येतात, पुढची तारीख घेतात, आणि परत जातात. नवा अधिकारी आल्यावर काम होतें तेथून पुढें चालूं करतां येतें, हें खरें. परंतु तो येईपर्यंत गेलेला काळ कोणीहि भरून देत नाहीं. आणि सहा महिन्यांची मुदत पाळली गेली नाहीं तर पुढें काय, ह्याविषयीं कायदा मूक आहे.

कोणी म्हणेल, कीं विलंब झाला तरी व्याज मिळतेंच, मग तक्रार कसली? तेव्हां व्याजाचाहि हिशेब करून पाहूं. प्राधिकरणानें जिल्हाधिकाऱ्याच्या निवाड्यापेक्षां अधिक मोबदला ठरविला, तर त्या अधिक रकमेवर जमिनीचा ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षीं ९ टक्के व पुढें दरसाल १५ टक्के व्याज देवविण्याची कायद्यांत तरतूद आहे. समजा, एखाद्या घराला १० लाख रुपये वाढवून मिळाले, आणि तो निकाल ताब्यानंतर दहा वर्षांनीं लागला. पहिल्या वर्षाचे ९० हजार आणि पुढील नऊ वर्षांचे साडेतेरा लाख मिळून व्याजच १४ लाख ४० हजार होतें. म्हणजे सरकारला १० लाखांच्या जागीं २४ लाख ४० हजार मोजावे लागतात. पहिलें वर्ष सरल्यावर ह्या एका प्रकरणापायीं दर दिवशीं सुमारें ४११ रुपये तिजोरींतून वाहत असतात. हे पैसे अखेर करदात्याचेच असतात. एका अधिकाऱ्याचें पद वर्षभर रिकामें ठेवून जें वेतन वांचतें, त्याच्या कित्येक पट रक्कम अशा रीतीनें व्याजांत जाते.

आणि घराचा लाभ तरी कोठें होतो? हें व्याज हातीं येतें तें निकालानंतर. ज्या वर्षीं दुसरीकडे वावर घेतां आलें असतें, मुलाचें शिक्षण पुरें करतां आलें असतें, किंवा म्हाताऱ्या आईचें औषधपाणी नीट झालें असतें, त्या वर्षीं हात रिकामेच असतात. शिवाय मोबदला वाढलाच नाहीं, तर व्याजाचा प्रश्नच उद्भवत नाहीं. शहराच्या वेशीवरील जमिनीचा भाव मधल्या काळांत असा चढलेला असतो, कीं मिळालेल्या सर्व पैशांत गेलेल्या जमिनीच्या निम्मी जमीनहि त्या परिसरांत घेतां येईल कीं नाहीं, ह्याची शंकाच असते.

अशा वेळीं वरिष्ठ न्यायालयाचें दार उघडें आहे काय? आहे. २०१३ च्या कायद्यानें दिवाणी न्यायालयांस ह्या विषयांत मज्जाव केला असला, तरी उच्च न्यायालयाचा व सर्वोच्च न्यायालयाचा अधिकार अबाधित ठेवला आहे. राज्यघटनेच्या २२७ व्या अनुच्छेदानें आपल्या क्षेत्रांतील सर्व न्यायालयें व न्यायाधिकरणें ह्यांवर देखरेख ठेवण्याचा अधिकार उच्च न्यायालयास मिळालेला आहे, आणि २२६ व्या अनुच्छेदानें कोणत्याहि सरकारी अधिकाऱ्यास त्याचें कायदेशीर कर्तव्य करावयास लावण्याचा. हा अधिकार कोणतेंहि नवें न्यायाधिकरण स्थापून हिरावून घेतां येणार नाहीं, तो घटनेच्या मूळ चौकटीचा भाग आहे, असें सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांनीं १९९७ सालीं ठरवून टाकलें. नागपूरकरांना ह्यासाठीं मुंबईस जावें लागत नाहीं. १९५६ पासून मुंबई उच्च न्यायालयाचें खंडपीठ नागपुरांतच, सिव्हिल लाईन्समधील जुन्या उच्च न्यायालयाच्या इमारतींत भरतें.

ह्या हस्तक्षेपाचें स्वरूप मात्र नीट समजून घेतलें पाहिजे, नाहींतर पदरीं निराशा येते. उच्च न्यायालय अशा अर्जावर जमिनीचा भाव सहसा स्वतः ठरवीत नाहीं. भाव ठरविण्यास साक्षीपुरावा लागतो, शेजारच्या खरेदीखतांची तुलना लागते, आणि तें काम प्राधिकरणाचेंच आहे. उच्च न्यायालय करूं शकतें तें असें: जिल्हाधिकारी अर्ज दडपून बसला असेल तर तो अमुक दिवसांत पुढें धाडण्याचा हुकूम देतें, प्राधिकरणापुढें काम रेंगाळलें असेल तर निकालाची मुदत घालून देतें, पद रिकामें असेल तर सरकारला तें कां भरलें नाहीं ह्याचा जाब विचारतें, आणि हुकूम मोडला गेला तर अवमानाची कारवाई करतें. थोडक्यांत, न्यायालय घड्याळाला किल्ली देतें. निकाल ज्याचा त्यानेंच द्यावयाचा असतो.

ह्या किल्लीचा उपयोग किती होतो, त्याचीं अलीकडचीं दोन उदाहरणें सांगण्यासारखीं आहेत. हिमाचल प्रदेशांत १९६७-६८ च्या सुमारास एका अशिक्षित स्त्रीची जमीन सरकारनें रस्त्यासाठीं घेतली; ना अधिसूचना, ना मोबदला. ती ऐंशी वर्षांची विधवा झाली तेव्हां तिचा दावा सर्वोच्च न्यायालयापुढें आला. इतकीं वर्षें जमीन आमच्या ताब्यांत आहे, म्हणून ती आमचीच झाली, असा युक्तिवाद सरकारनें केला. कल्याणकारी राज्यानें आपल्याच नागरिकाच्या जमिनीवर असा हक्क सांगणें न्यायालयास मुळींच रुचलें नाहीं, आणि ८ जानेवारी २०२० रोजीं तिला मोबदला देण्याचा हुकूम झाला.

दुसरें उदाहरण कर्नाटकांतील आहे. बंगळूर-म्हैसूर मार्गाच्या प्रकल्पासाठीं २००३ सालीं अधिसूचना निघाली, २००५ सालीं ताबा घेतला गेला, आणि निवाडा झाला तो २२ एप्रिल २०१९ रोजीं, तोहि अवमानाची कारवाई सुरू झाल्यानंतर. २ जानेवारी २०२५ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें ठरविलें, कीं २००३ च्या भावानें पैसे देणें म्हणजे न्यायाची थट्टा होईल. म्हणून २२ एप्रिल २०१९ चा भाव धरावा आणि दोन महिन्यांत नवा निवाडा द्यावा. तारीख हेंच धन, असें आम्हीं वर म्हटलें तें येथें सर्वोच्च न्यायालयाच्या हुकुमांत उतरलेलें दिसतें. हा निर्णय देणाऱ्या दोघां न्यायाधीशांपैकीं एक, भूषण गवई, हे अमरावतीचे. नागपूर खंडपीठांतच त्यांची वकिली फुलली, व पुढें २०२५ च्या मे महिन्यांत ते सरन्यायाधीश झाले.

ह्या दोहोंच्या मधल्या काळांत, १६ मे २०२४ रोजीं, कलकत्ता महापालिकेच्या एका प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें मालमत्तेच्या हक्काची उकल सात पोटहक्कांत केली. १९७८ च्या घटनादुरुस्तीनें मालमत्तेचा हक्क मूलभूत राहिला नाहीं, तरी अनुच्छेद ३००-अ खालीं तो घटनात्मक हक्क आहेच. नोटीस मिळणें, म्हणणें ऐकलें जाणें, कारणांसह निर्णय मिळणें, जमीन केवळ सार्वजनिक कामासाठींच घेतली जाणें, योग्य भरपाई मिळणें, हे पहिले पांच. सहावा हक्क कार्यवाही कार्यक्षमतेनें व त्वरेनें होण्याचा, आणि सातवा ती कार्यवाही एकदांची पूर्ण होण्याचा. शेवटचे दोन हक्क आमच्या विषयाला नेमके लागू पडतात. वेळेवर निकाल मिळणें ही सरकारची मेहेरबानी नसून नागरिकाचा हक्क आहे, असें त्यांतून निष्पन्न होतें.

परंतु ह्याच नाण्याची दुसरी बाजू महाराष्ट्रांतच पाहावयास मिळते. १९७१-७२ च्या दुष्काळी कामांत आपली जमीन गेली व मोबदला मिळाला नाहीं, अशी तक्रार घेऊन एक शेतकरी सुमारें वीस वर्षांनीं उच्च न्यायालयांत गेला. उच्च न्यायालयानें त्याचा अर्ज मान्य केला. पण १९९५ सालीं सर्वोच्च न्यायालयानें तो निर्णय फिरविला, कारण इतकीं वर्षें गप्प बसण्याचें समाधानकारक कारण त्यास देतां आलें नाहीं. हिमाचलच्या विधवेस जें मिळालें तें महाराष्ट्राच्या शेतकऱ्यास मिळालें नाहीं. प्रत्येक प्रकरणाची हकीकत वेगळी असते, हें खरें. तरीहि कोणत्या वेळीं न्यायालय उशीर पोटांत घालील आणि कोणत्या वेळीं नाहीं, ह्याची हमी कोणीहि वकील देऊं शकत नाहीं. सरकारच्या विलंबाविरुद्ध दाद मागणारानें स्वतः विलंब करूं नये, हाच ह्यांतील धडा.

सरकारी खात्यांच्या बाजूनेंहि दोन शब्द लिहिणें न्यायाचें होईल. पुष्कळ प्रकरणें अडतात तीं जमीन कोणाची हेंच ठरत नाहीं म्हणून. सातबाऱ्यावर आजोबांचें नांव, आजोबा जाऊन तीस वर्षें झालेलीं, वारसांची नोंद नाहीं, एक काका पुण्यास, एक परदेशीं, आणि आत्याबाईंचें नांव कोठेंच नाहीं. पुढच्या तारखेची मागणीहि नेहमीं सरकारी वकीलच करतो असें नाहीं. आणखी एक गोष्ट. उच्च न्यायालयांत जाण्याची ऐपत असलेल्या एका घरानें मुदत बांधून घेतली, तर रांगेंत उभें असलेलें दुसरें गरीब घर एक पाऊल मागें सरकतें. म्हणून एकेका प्रकरणापुरता हुकूम हा तात्पुरता उतारा आहे. प्राधिकरणाचें पद रिकामें होण्यापूर्वीच नवी नेमणूक झाली, तर असे अर्ज करण्याचें कारणच पुष्कळ अंशीं उरणार नाहीं. न्यायालयाचा खरा उपयोग सरकारला ही संवय लावण्याकडे झाला पाहिजे.

आतां आमच्या वाचकांच्या घरापुरतें बोलूं. एकत्र कुटुंबांत जमिनीचे कागद एका पेटींत, आणि पेटीची माहिती एका माणसाच्या डोक्यांत, अशी रीत असते. तो माणूस गेला, कीं पेटी मुकी होते. तेव्हां जमीन संपादनांत गेली असेल किंवा जाण्याचा संभव असेल, त्या घरानें पुढील गोष्टी लिहून, सर्वांस ठाऊक असतील अशा ठेवाव्या.

पहिली गोष्ट तारखांची. निवाड्याच्या वेळीं स्वतः हजर असाल तर सहा आठवड्यांत, नसाल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने ह्यांपैकीं जी मुदत आधीं संपेल तिच्या आंत, वाढीव मोबदल्याचा अर्ज गेला पाहिजे. आपण अर्ज केला नाहीं, पण त्याच अधिसूचनेंतील शेजाऱ्यास प्राधिकरणाकडून अधिक मोबदला मिळाला, तर त्या निकालापासून तीन महिन्यांच्या आंत आपणांसहि त्या आधारें मागणी करतां येते. शेजारधर्म येथें असा कामीं येतो. धुऱ्यापलीकडच्या घराशीं बोलणें ठेवावें. राष्ट्रीय महामार्गासाठीं गेलेल्या जमिनीचा रस्ता मात्र निराळा आहे: तेथें मोबदल्याचा तंटा केंद्र सरकारनें नेमलेल्या लवादाकडे जातो.

दुसरी गोष्ट पैसे घेतांनाची. मिळणारी रक्कम नाकारण्याचें कारण नाहीं. ती घ्यावी, परंतु हरकत राखून घेत आहों असें त्याच वेळीं लेखी नमूद करावें. विनातक्रार रक्कम घेणारास पुढें वाढीव मोबदल्याचा अर्ज करतां येत नाहीं, असें जुन्या व नव्या दोन्ही कायद्यांत आहे. एका ओळीच्या अभावीं मोठ्या रकमेस मुकण्याचा प्रसंग येऊं शकतो.

तिसरी गोष्ट वारसांची, आणि आमच्या मतें हीच सर्वांत नाजूक. ९ सप्टेंबर २००५ पासून अमलांत आलेल्या हिंदु वारसा दुरुस्तीनें एकत्र कुटुंबाच्या मिळकतींत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क मिळाला, आणि तो वडील त्या दिवशीं हयात असण्यावर अवलंबून नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें ११ ऑगस्ट २०२० रोजीं स्पष्ट केलें. तरीहि मोबदल्याच्या कागदावर बहिणींचीं नांवें घालावयाचीं म्हटलें, कीं अनेक घरांत चुळबुळ सुरू होते. नांव वगळल्यानें काम सोपें होतें, हा भ्रम आहे. वगळलेल्या वारसानें हरकत घेतली, कीं वांटणीचा तंटा उभा राहतो, रक्कम जमा होऊन पडते, आणि मग सरकारच्या विलंबांत घराच्या विलंबाची भर पडते. एखादा अर्जदार वारला तर त्याच्या वारसांचीं नांवें ताबडतोब दाखल करावीं. दिवाणी दाव्यांत ह्यासाठीं ९० दिवसांची मुदत आहे, आणि प्राधिकरणापुढेंहि तीच घाई ठेवणें श्रेयस्कर.

चौथी गोष्ट रोजनिशीची. प्रकरण केव्हां दाखल झालें, कोणत्या तारखेस काय घडलें, कोणाच्या मागणीवरून पुढची तारीख पडली, आपण लेखी स्मरणपत्र केव्हां दिलें, ह्यांची साधी वही ठेवावी. उच्च न्यायालयापुढें जाण्याची वेळ आलीच, तर विलंब कोणाचा हा पहिला प्रश्न विचारला जाईल, आणि ही वही त्याचें उत्तर देईल. सहा महिन्यांची मुदत उलटून गेली, स्मरणपत्रें देऊन झालीं, तरी काम हलत नसेल, तर जाणत्या वकिलाचा सल्ला घेऊन खंडपीठाकडे अर्ज करण्यांत संकोच मानूं नये. तेथें आपण कोणाशीं भांडण मांडीत नाहीं. कायद्यानें जें सहा महिन्यांत द्यावयाचें कबूल केलें आहे, तें आतां तरी द्या, एवढीच ती विनंति असते.

बेसा येथील वावरांचे भूखंड झाले आणि भूखंडांवर घरें उभीं राहिलीं. त्या घरांतून राहणाऱ्या पुढील पिढीला, आपल्या दाराशीं आलेला रस्ता कोणाच्या जमिनीवरून आला हें ठाऊकहि नसेल, व तसें असणें स्वाभाविक आहे. रस्ता सर्वांचा असतो. पण त्या रस्त्याची किंमत एकट्या घरानें आणि तीहि वर्षानुवर्षें वाट पाहून भरावी, हें कोणत्याहि विचारी माणसास पटणार नाहीं. सरकारनें पदें वेळेवर भरावीं, न्यायालयानें मुदतीचा धाक कायम ठेवावा, आणि घरानें आपले कागद व आपली माणसें एकत्र राखावीं. ज्या घरीं अशी एखादी पेटी बंद पडून असेल, तेथें हा लेख वाचून झाल्यावर ती उघडली गेली आणि निवाड्याची तारीख एकदां पाहिली गेली, तर आमचे श्रम सार्थकीं लागले असें आम्ही समजूं.